गोलपोस्टासमोरचा माणूस: गोव्यातून आंतरराष्ट्रीय हॉकीकडे पाहताना वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पेडे-म्हापशाच्या हॉकी मैदानावर शनिवार-रविवारी मुलं खेळतात आणि पालक कडेला बसून मला प्रश्न विचारतात. मी डिचोलीचा. नव्वदच्या दशकात गोलरक्षक होतो, राज्याच्या संघापलीकडे काही पोचलो नाही. आता पोरांचे पॅड बांधून देतो. प्रश्न दर आठवड्याला तेच असतात, म्हणून उत्तरं एकदाची लिहून काढली. त्यांत गोलरक्षकांचा जरा जास्तच कैवार घेतलेला दिसेल, तेवढं सांभाळून घ्या.

हॉकी आपला राष्ट्रीय खेळ ना?

नाही. लखनौच्या एका शाळकरी मुलीने 2012 साली माहितीच्या अधिकारात हेच विचारलं, तेव्हा केंद्र सरकारने कळवलं की कुठल्याच खेळाला असा दर्जा दिलेला नाही. सामान्यज्ञानाच्या पुस्तकात काहीही छापलेलं असो.

गोव्याचा कोणी ऑलिंपिकमध्ये हॉकी खेळलाय का?

खेळलाय, आणि सुवर्णपदक घेऊन आलाय. फक्त 'गोव्याचा' या शब्दाशी थोडं थांबावं लागतं.

लिओ पिंटो. गोमंतकीय घरातला मुलगा, जन्म 1914 चा, पण नैरोबीतला. कारकीर्द मुंबईत घडली. जागा गोलरक्षकाची. त्यांच्या आयुष्यातली मला सर्वांत चटका लावणारी गोष्ट साध्या वजाबाकीत आहे. 1940 चं ऑलिंपिक महायुद्धामुळे रद्द झालं तेव्हा ते 26 वर्षांचे होते. 1944 चंही रद्द झालं तेव्हा 30 वर्षांचे. खेळाडूच्या ऐन उमेदीची दोन ऑलिंपिकं अशी हवेत विरली. लंडनचं 1948 उजाडलं तेव्हा पिंटो 34 वर्षांचे होते. त्या वयात बहुतेकजण स्टिक माळ्यावर टाकून नोकरीत बढतीची वाट पाहत असतात.

स्वतंत्र भारताचं ते पहिलं ऑलिंपिक. कर्णधार किशनलाल, उपकर्णधार के. डी. सिंग 'बाबू'. भारताने ऑस्ट्रियाला 8-0, अर्जेंटिनाला 9-1, स्पेनला 2-0 आणि उपांत्य सामन्यात नेदरलँड्सला 2-1 असं हरवलं. अंतिम सामना 12 ऑगस्टला वेम्ब्लीवर झाला आणि समोर होता ग्रेट ब्रिटन. आदल्या वर्षीपर्यंत ज्यांचं राज्य होतं त्यांच्याच घरात, त्यांच्याच राजधानीत 4-0. बलबीर सिंग यांचे दोन गोल, तरलोचन सिंग आणि पॅट जॅनसेन यांचा एकेक. गोल करणाऱ्यांची नावं सगळ्यांना पाठ असतात. पाच सामन्यांत भारतावर फक्त दोन गोल झाले, हे मात्र सांगावं लागतं.

आणि एक विसंगती. पिंटो भारताचं सुवर्णपदक घेऊन परतले तेव्हा त्यांच्या पूर्वजांची भूमी पोर्तुगिजांच्या ताब्यात होती, आणि पुढची तेरा वर्षं राहिली. ते दीर्घायुषी ठरले. 2010 साली मुंबईत वारले तेव्हा वय 96 होतं.

त्या संघाच्या यादीत वॉल्टर डिसोझा, लॉरी फर्नांडिस, मॅक्सी वाझ, रेजिनाल्ड रॉड्रिग्ज अशी नावंही आहेत. आपण गोंयकार अशी यादी हातात पडली की आधी आडनावं शोधतो. मीही शोधतो. पण हीच आडनावं वसईला आहेत, मंगळूरलाही आहेत, तेव्हा आडनावावरून गाव ठरवू नका.

पण गोव्याचा माणूस नैरोबीत काय करत होता?

नोकरी. ब्रिटिशांना पूर्व आफ्रिकेत रेल्वे आणि सरकारी कचेऱ्या चालवायला कारकून हवे होते. आपल्याकडची शिकलेली, लॅटिन लिपी जाणणारी माणसं बोटीत बसून गेली. गेली तिथे क्लब काढले. नैरोबीत गोवन इन्स्टिट्यूट, रेल्वे गोवन इन्स्टिट्यूट, गोवन जिमखाना असे तीन तीन क्लब होते. एकाच गावच्या माणसांना तीन क्लब कशाला, असं विचारू नका. आपल्याकडे एका देवळाला किती गट असतात ते आठवा. क्लब आले की मैदान आलं, मैदान आलं की शेजारच्या क्लबाला हरवण्याची खुमखुमी आली, आणि त्यातून हॉकी वाढलं.

तिथल्या डॉ. रिबेरो गोवन स्कूलचं नाव हॉकीवाले आजही आदराने घेतात. ज्या डॉक्टरांच्या नावाने ती शाळा आहे ते रोझेंडो आयर्स रिबेरो नैरोबीत रुग्ण तपासायला झेब्र्यावर बसून जात. हॉकीशी याचा काही संबंध नाही, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही.

पुढे केनियाने 1956 पासून ऑलिंपिकमध्ये हॉकी संघ पाठवला. 1971 साली बार्सिलोनात झालेल्या पहिल्या विश्वचषकात पाकिस्तान, स्पेन, भारत आणि त्यांच्या पाठोपाठ चौथा केनिया. त्या काळच्या केनियाच्या संघांत पंजाबी शीख आणि गोमंतकीय ख्रिस्ती खांद्याला खांदा लावून खेळत. सिल्व्हेस्टर फर्नांडिस, हिलरी फर्नांडिस, आलू मेंडोन्सा ही तिथली नावं. कराचीच्या गोमंतकीयांतले जॅक ब्रिटो तर 1952 च्या ऑलिंपिकमध्ये पाकिस्तानकडून खेळले. म्हणजे आपली माणसं भारताकडून, केनियाकडून, पाकिस्तानकडून खेळली. फक्त गोव्यातून फारसं कोणी निघालं नाही.

मग गोव्यातच हॉकी का रुजलं नाही?

मी यावर बरीच वर्षं वाद घातलाय. 'आपल्या पोरांत दम नाही' हे उत्तर मला मान्य नाही, कारण तोच दम नैरोबीत आणि मुंबईत दिसला. कारण मैदानाचं आहे.

हॉकी ब्रिटिशांच्या पलटणींबरोबर आलं. जिथे छावणी होती, रेल्वेची वसाहत होती, इंग्रजी शाळा होती, तिथे ते वाढलं. कलकत्त्याचा बायटन चषक 1895 चा आहे. गोव्यात ना पलटण, ना ती रेल्वे वसाहत. उलट 1883 मध्ये शिवोलीला फादर विल्यम रॉबर्ट लायन्स यांनी फुटबॉल आणला आणि तो जो चिकटला तो चिकटलाच. गंमत पाहा, पोर्तुगिजांच्या गोव्यात फुटबॉलसुद्धा एका ब्रिटिश पाद्रीनेच आणावा!

दुसरी गोष्ट कोणी लिहीत नाही, पण माझ्या मते तीच मोठी. भात कापून झाल्यावर जे शेत मोकळं होतं त्यात फुटबॉल खेळता येतो. चेंडू मोठा, थोडा उडाला तरी पाय लागतो. हॉकीचा चेंडू 156 ते 163 ग्रॅमचा, दगडासारखा कडक. तो कापलेल्या भाताच्या मुडग्यांवरून कुठे उसळेल याचा भरवसा नाही. माझ्या भुवईवर जी खूण आहे ती तशाच एका शेतातली आहे. हॉकीला सपाट जमीन लागते आणि आमच्या गावात सपाट जमीन फक्त देवळापुढे होती. तिथे स्टिक घेऊन गेलो तर भटजी ओरडायचे.

मग आमच्या पोराने यात पडावं तरी का?

कारण केरळ.

केरळही आपल्यासारखंच फुटबॉलवेडं. पावसाळा तोच, भातशेती तीच, नारळ तेच. तिथल्या कन्नूरचे मॅन्युएल फ्रेडरिक 1972 च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक जिंकणाऱ्या संघाचे गोलरक्षक होते. त्यानंतर त्या राज्याचा पुढचा ऑलिंपिक पदकवीर हॉकीपटू यायला 2021 उजाडलं, आणि तोही गोलरक्षकच: पी. आर. श्रीजेश.

श्रीजेश कोचीजवळच्या किळक्कंबलम गावचा, शेतकऱ्याचा मुलगा. बाराव्या वर्षी तिरुवनंतपुरमच्या जी. व्ही. राजा क्रीडा शाळेत गेला. तिथे आधी धावला, मग लांब उडी, मग व्हॉलीबॉल. हॉकीकडे वळवलं ते प्रशिक्षकांनी, आणि थेट गोलमध्ये उभं केलं. ज्या वयात पंजाबच्या संसारपूरची किंवा ओडिशाच्या सुंदरगडची मुलं चार-पाच वर्षं खेळून झालेली असतात, त्या वयात याच्या हातात पहिल्यांदा स्टिक आली. घरी पैशांची चणचण. वडिलांनी गाय विकून किट आणून दिलं. शिबिरांत गेला तेव्हा हिंदीची बोंब. आपल्या पोरांना निदान ही शेवटची अडचण नाही, कोकणी-मराठी-हिंदी तिन्हींत भांडता येतं.

2006 साली वरिष्ठ संघात आला आणि मग वाट पाहत बसला. पुढे एड्रियन डिसोझा होता, भरत छेत्री होता. ही वाट पाहणं पालकांना समजावून सांगणं मला सर्वांत कठीण जातं. आघाडीचा खेळाडू दहा मिनिटांसाठी तरी मैदानात उतरतो. दुसरा गोलरक्षक मात्र अख्खी स्पर्धा बाकावर काढतो, पाण्याच्या बाटल्या देतो आणि रात्री डायरी लिहितो. श्रीजेशने पाचएक वर्षं हे केलं. 2011 च्या आशियाई चॅम्पियन्स चषकाच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानविरुद्ध दोन पेनल्टी अडवल्या, तिथून लोकांना नाव कळलं. 2014 ला इंचॉन एशियाडच्या अंतिम सामन्यात पुन्हा पाकिस्तान, पुन्हा शूटआउट (बरोबरीनंतर एकटा आक्रमक विरुद्ध एकटा गोलरक्षक), पुन्हा हाच उभा. सुवर्णपदक आणि थेट रिओचं तिकीट. रिओत तो कर्णधार होता.

टोकियोचं सगळ्यांनी पाहिलंय. 5 ऑगस्ट 2021, जर्मनीविरुद्ध 1-3 पिछाडीवरून 5-4. शेवटचे काही सेकंद आणि जर्मनीला पेनल्टी कॉर्नर, म्हणजे बचावाच्या चुकीबद्दल गोलच्या बाजूच्या रेषेवरून सुरू होणारा हल्ला. तो अडवला आणि 41 वर्षांनी हॉकीचं पदक आलं. त्यानंतर हा पठ्ठ्या गोलपोस्टावर चढून बसला. आमच्या मैदानावर आता प्रत्येक पोराला सराव संपला की गोलपोस्टावर चढायचं असतं. पोरांनो, ते पोस्ट इथे पक्के रोवलेले नसतात, चढू नका.

पॅरिसला 2024 मध्ये उपांत्यपूर्व सामन्यात अमित रोहिदासला सतराव्या मिनिटाला लाल कार्ड मिळालं. उरलेला सामना दहा जणांनी ब्रिटनला 1-1 वर रोखलं, शूटआउट 4-2 जिंकला. मग स्पेनला 2-1 हरवून कांस्य, आणि त्याच दिवशी श्रीजेशची निवृत्ती. 336 सामने. हॉकी इंडियाने, म्हणजे देशाच्या हॉकी संघटनेने, त्याची 16 क्रमांकाची जर्सीच निवृत्त केली.

लिओ पिंटोंना युद्धाने थांबवलं, श्रीजेशला रांगेने. दोघंही तयारीत राहिले एवढंच.

माझा मुलगा अंगाने जाड आहे म्हणून तुम्ही त्याला गोलमध्ये उभं करता का?

हा प्रश्न एका आईने विचारला होता आणि तिचा राग योग्य होता. आमच्या काळात असंच करायचे: जो धावत नाही तो गोली. मीही तसाच झालो.

आता तसं चालत नाही. गोल 3.66 मीटर रुंद आणि 2.14 मीटर उंच. पेनल्टी कॉर्नरला गोलरक्षक धरून फक्त पाचजण बचावाला असतात आणि ड्रॅग फ्लिकचा, म्हणजे स्टिकने ओढत फेकलेला, चेंडू ताशी शंभर किलोमीटरच्या वर येतो. शूटआउटमध्ये आक्रमकाला 23 मीटरच्या रेषेपासून आठ सेकंद मिळतात. त्यात गोलीने पुढे किती यायचं, कधी थांबायचं, कधी आडवं पडायचं हे पायांवर ठरतं. डीच्या, म्हणजे गोलसमोरच्या अर्धवर्तुळाच्या, आत शरीराचा कुठलाही भाग वापरता येतो, बाहेर गेलात की फक्त स्टिक. म्हणून मी ज्याचे पाय चपळ, नजर शांत आणि तोंड सतत चालू असतं, त्याला गोलमध्ये नेतो. तोंडाचं खरंच सांगतोय. अकराजणांत संपूर्ण मैदान समोर दिसतं ते एकट्या गोलीला. तो गप्प बसला तर बचाव आंधळा होतो.

तुमचा बाब वर्गात फार बोलतो अशी तक्रार आहे ना? पाठवा.

किटला किती खर्च येतो?

मैदानी खेळाडूला स्टिक, शिनगार्ड, माउथगार्ड आणि टर्फचे (कृत्रिम गवताच्या मैदानाचे) बूट एवढ्यावर भागतं. स्टिक 737 ग्रॅमपेक्षा जड चालत नाही. लहान मुलाला हलकी आणि कमरेपर्यंत येईल अशी घ्या, वाढत्या अंगाचा म्हणून मोठी घेऊ नका. तो नियम गणवेशाला ठीक आहे.

गोलीचं किट महाग. हेल्मेट, गळ्याचा आणि छातीचा गार्ड, हातांचे दोन वेगवेगळे गार्ड, पॅड, किकर (बुटांवरचं कवच). सुरुवातीला विकत घेऊच नका, क्लबाचं वापरा. मी शिकत होतो तेव्हा एका शाळेने 'गोलकीपर किट देतो' असं कबूल करून क्रिकेटचे पॅड आणि यष्टिरक्षकाचे ग्लोव्ह्ज दिले होते. चेंडू पॅडला लागून पायाशीच मेला की समोरचा आरामात गोल मारायचा. आताचे फोमचे पॅड चेंडू लांब उडवतात, आणि अर्धं काम तिथेच होतं.

टर्फ नसेल तर चालणारच नाही का?

सुरुवातीला चालतं. पुढे नाही. 1976 ला माँट्रियलमध्ये ऑलिंपिक हॉकी पहिल्यांदा कृत्रिम टर्फवर झालं आणि तोवर कधीही पदकाविना न परतलेला भारत सातवा आला. मातीवरचा खेळाडू चेंडू थोपवून मग विचार करतो. टर्फवर तेवढा वेळ नसतो. पेडेला मैदान आहे, 2023 च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेतलं हॉकी इथेच झालं. प्रश्न अंतराचा आहे. काणकोणचा मुलगा रोज म्हापशाला येऊ शकत नाही, आणि सत्तरीच्या मुलाला शेवटची बस चुकली तर काय, हे मला अजून सुटलेलं नाही.

निवड कशी होते?

क्लब किंवा शाळा, तिथून राज्याचा संघ. आपलं राज्य राष्ट्रीय स्पर्धांत 'गोवन्स हॉकी' या नावाने उतरतं. सब-ज्युनियर, ज्युनियर आणि सीनियर अशा वेगळ्या राष्ट्रीय स्पर्धा असतात. तिथे निवडकर्ते बसतात आणि चमकलेल्यांना शिबिराला बोलावतात. वरिष्ठ शिबिर बहुधा बंगळुरूच्या साई (भारतीय क्रीडा प्राधिकरण) केंद्रात. ज्युनियर विश्वचषक 21 वर्षांखालचा.

खरं सांगायचं तर आपला संघ पहिल्या फेरीत मोठ्या फरकाने हरतो तेव्हा आपल्या आघाडीच्या मुलांकडे कोणाचं लक्षही जात नाही, कारण चेंडू तिकडे जातच नाही. लक्ष जातं ते गोलीकडे. बिचाऱ्याला तासभर काम असतं. कमजोर राज्याच्या गोलरक्षकाला हा एक फायदा आहे, कडू असला तरी.

यात पैसा आहे का?

क्रिकेटइतका नाही, पूर्वीइतका कमीही नाही. पगाराची नोकरी हा मुख्य आधार: रेल्वे, तेल कंपन्या, बँका, पोलीस, सैन्यदलं. पॅरिसच्या कांस्यपदकानंतर हॉकी इंडियाने प्रत्येक खेळाडूला 15 लाख दिले, केरळ सरकारने श्रीजेशला 2 कोटी जाहीर केले. हॉकी इंडिया लीग पुन्हा सुरू झाली तेव्हा 2024 च्या लिलावात पायाभूत बोली 2, 5 आणि 10 लाखांच्या होत्या आणि हरमनप्रीत सिंग 78 लाखांना गेला. पण हे शिखरावरचे आकडे. मधल्या शेकडो खेळाडूंचं घर नोकरीवर चालतं, म्हणून पदवी सोडू नका.

मुलगी आहे. तिला पाठवू का?

पाठवा. 1980 ला महिला हॉकी ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा आलं आणि भारत चौथा आला. 1982 च्या दिल्ली एशियाडमध्ये पुण्याच्या एलिझा नेल्सन यांच्या नेतृत्वाखाली सुवर्ण मिळालं. आणि गोलीच हवी असेल तर हरियाणाच्या सविता पुनियाकडे पाहा. एवढी मोठी किटची बॅग घेऊन ती गावाहून सिरसाला बसने जायची. कंडक्टर बॅग आत घेऊ देत नाही ही आमच्या मुलींचीही तक्रार आहे. टोकियोत उपांत्यपूर्व सामन्यात ऑस्ट्रेलियाला 1-0 हरवलं तेव्हा गोलमध्ये सविताच होती. महिलांची हॉकी इंडिया लीग 2025 पासून सुरू झालीय.

दुखापत झाली तर?

होते. श्रीजेशचा गुडघा 2017 मध्ये गेला, कित्येक महिने बाहेर होता. परत आला आणि त्यानंतर दोन ऑलिंपिक पदकं जिंकली. मुलाचं दुखणं 'नाटक' म्हणून उडवू नका, एवढंच सांगेन.

खेळ संपल्यावर पुढे काय?

प्रशिक्षण हा सरळ रस्ता दिसतो, पण तो निसरडा आहे. मुंबईचे जोकिम कार्व्हालो 1984 चं ऑलिंपिक खेळले. त्यांच्या प्रशिक्षणाखाली 2007 ला चेन्नईत भारताने आशिया चषक जिंकला, अंतिम सामन्यात कोरियाला 7-2 हरवून. लोकांनी डोक्यावर घेतलं. सहाच महिन्यांनी सांतियागोला पात्रता स्पर्धेत ब्रिटनकडून 0-2 हार झाली, 1928 नंतर पहिल्यांदा भारत ऑलिंपिकबाहेर राहिला आणि कार्व्हालोंनी पद सोडलं. श्रीजेशनेही निवृत्तीनंतर ज्युनियर संघाची जबाबदारी घेतली आणि डिसेंबर 2024 मध्ये मस्कतला पाकिस्तानला 5-3 नमवून ज्युनियर आशिया चषक आणला.

यंदा दहावी आहे. वर्षभर बंद ठेवू का?

दर जूनमध्ये हा प्रश्न येतो आणि चतुर्थीपर्यंत निम्मी मुलं गळतात. आठवड्याला दोन दिवस तरी पाठवा, सुटलेले पाय परत मिळवायला वर्ष जातं.

पण सर, खेळाचे मार्क तरी मिळतील ना?

हा प्रश्न विचारताना पालक थोडे ओशाळतात. ओशाळू नका. श्रीजेशने स्वतःच सांगितलंय की आपण खेळाकडे वळलो ते बोर्डाच्या परीक्षेत ग्रेस मार्क मिळावेत म्हणून.